वळतं, पण कळत नाही

पत्र : मी इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाला आहे, मेकॅनिकल. दहावीपर्यंत मराठी माध्यम, बारावी जुन्नरला, आता नारायण पेठेत कॉट बेसिसवर राहते. एम-वनला, म्हणजे गणिताच्या पहिल्या पेपरला, आयगेन व्हॅल्यू आहेत. रीत मला पाठ आहे आणि निम्म्या वेळा उत्तर बरोबरही येतं. पण आपण नेमकं काय काढतोय असं कुणी विचारलं, तर सांगता येत नाही. उरलेल्या निम्म्या वेळा आयगेन व्हेक्टर शून्य, शून्य, शून्य येतो आणि तिथेच अडते. कधी उत्तर येतं, पण पुस्तकाशी जुळत नाही. परीक्षेला तीन आठवडे आहेत. मैत्रिणी म्हणतात, क्लास लाव. लावू का?
— एक विद्यार्थिनी, नारायण पेठ

उत्तर :

‘कळतं पण वळत नाही’ अशी आपल्याकडे म्हण आहे. तुझं नेमकं उलट झालंय. हाताला रीत वळली आहे, ती कशाची हे कळलेलं नाही. आणि गंमत बघ, आयगेन व्हेक्टरचा सगळा विषयच कोण वळतं आणि कोण वळत नाही याचा आहे.

आधी डिटर्मिनंट, म्हणजे दहावीतला निश्चयक, बाजूला ठेव. आलेखाची वही घे आणि ही मॅट्रिक्स लिही. तिला अ म्हणू.

४ १
२ ३

मॅट्रिक्स म्हणजे आकड्यांचा चौकोन, असं मनात धरलंस तर पुढचं काहीच उलगडणार नाही. ती एक क्रिया आहे. तिच्यात एक बाण घालायचा, ती दुसरा बाण देते. (१, ०) हा बाण घाल. पहिल्या ओळीने गुणून ४, दुसऱ्या ओळीने गुणून २, म्हणून उत्तर (४, २). हा तर पहिला उभा स्तंभच! (०, १) घातलास तर दुसरा स्तंभ, (१, ३), मिळतो. म्हणजे मॅट्रिक्सचे स्तंभ सांगतात की आडवा आणि उभा असे दोन मूळ बाण कुठे जाऊन पडतात. एवढं कळलं की कोणतीही मॅट्रिक्स दिसली की आधी तिचे स्तंभ वाचायची सवय लागते.

आता आणखी बाण घाल. प्रत्येक वेळी आधीचा बाण पेन्सिलने आणि नंतरचा शाईने काढ. (२, १) घातला की (९, ७). (१, २) घातला की (६, ८). (−१, १) घातला की (−३, १). प्रत्येक बाण लांब झाला आणि थोडासा वळलाही. मग (१, १) घाल. उत्तर येतं (५, ५). हा बाण वळला नाही, त्याच रेषेत पाचपट झाला. (१, −२) घाल, (२, −४) येतो. हाही वळला नाही, दुप्पट झाला. हे दोन आयगेन व्हेक्टर, आणि ५ व २ या त्यांच्या आयगेन व्हॅल्यू. आयगेन हा जर्मन शब्द, अर्थ ‘स्वतःचा’. हिल्बर्ट या गणितज्ञाने १९०४ मध्ये तो या अर्थाने वापरला आणि तो रुळला. मॅट्रिक्सच्या स्वतःच्या दिशा, असं म्हटलं तरी चालेल.

या दोन रेषांसाठी एवढा खटाटोप कशाला, याचं उत्तर त्याच वहीत मिळतं. (१, ०) ला पुन्हा पुन्हा त्याच मॅट्रिक्समधून काढ : (४, २), मग (१८, १४), मग (८६, ७८), मग (४२२, ४०६). दोन्ही आकड्यांचं गुणोत्तर १ च्या जवळ येत चाललं आहे, म्हणजे बाण (१, १) च्या दिशेकडे झुकतोय. शिवाय ८६ चे ४२२ झाले, म्हणजे जवळजवळ पाचपट. कारण (१, ०) हा बाण (१, १) चा दोन तृतीयांश आणि (१, −२) चा एक तृतीयांश मिळून झालेला आहे. दर फेरीला पहिला भाग पाचपट होतो आणि दुसरा दुप्पट. थोड्या फेऱ्यांत पाचवाला दोनवाल्याला झाकून टाकतो. पडताळून बघ : दोन फेऱ्यांनंतर पहिला आकडा असायला हवा २५ चे दोन तृतीयांश अधिक ४ चा एक तृतीयांश, म्हणजे ५४ भागिले ३, म्हणजे १८. तोच आला आहे. पुस्तकात ज्याला डायगोनलायझेशन म्हणतात ते हेच. अवघड क्रिया तिच्या स्वतःच्या दिशांत फोडली की उरतो तो साधा गुणाकार.

मग डिटर्मिनंट कुठून आला? आयगेन व्हॅल्यूला लॅम्डा म्हणू. आपल्याला असा बाण हवा की अ ने गुणल्यावर तो लॅम्डापट होईल. सगळं एका बाजूला आणलं की अ च्या कर्णावरून, म्हणजे डायगोनलवरून, लॅम्डा वजा करून दोन समीकरणं राहतात आणि दोन्हींच्या उजवीकडे शून्य. दहावीतली दोन चलांतली रेषीय समीकरणं आठव. उजवीकडे शून्य असलं की दोन्ही रेषा आरंभबिंदूतून जातात. एरवी त्या फक्त तिथेच छेदतात, म्हणून उत्तर (०, ०) येतं आणि ते आपल्या कामाचं नाही. शून्य बाणाला दिशाच नसते. आपल्याला दोन्ही रेषा एकमेकींवर बसायला हव्यात. त्या तशा बसतात तेव्हाच निश्चयक शून्य होतो. म्हणजे डिटर्मिनंट शून्य धरताना आपण विचारत असतो : लॅम्डा किती घेतला तर या दोन रेषा एकच होतील? ५ घेऊन बघ. समीकरणं होतात −क्ष + य = ० आणि २क्ष − २य = ०. रेषा एकच, आणि तिच्यावर (१, १) आहे.

आता तुझ्या शून्य, शून्य, शून्यकडे वळू. ते तीन वेगवेगळ्या कारणांनी येतं आणि प्रत्येकाचा इलाज वेगळा आहे. हे कुणी नीट सांगत नाही म्हणून इथे जरा थांबते.

पहिलं कारण, लॅम्डाच चुकलेला असतो. वरच्या मॅट्रिक्समध्ये ५ ऐवजी ४ घेतलास तर समीकरणं येतात य = ० आणि २क्ष − य = ०. या दोन वेगळ्या रेषा, त्यामुळे उत्तर शून्यच. म्हणून व्हेक्टर काढायला बसण्याआधी कर्णावरून लॅम्डा वजा केल्यावर राहिलेल्या ओळींकडे एकदा बघ. दोन बाय दोनमध्ये एक ओळ दुसरीच्या पटीत असलीच पाहिजे. नसेल तर पुढे जाऊ नकोस, मागे जा. तिथे बहुतेक वेळा चिन्ह चुकलेलं सापडतं.

दुसरं कारण, मॅट्रिक्स आधीच रो ऑपरेशनने सोपी करून घेतलेली असते. रँक काढताना ती सवय लागते आणि आयगेन व्हॅल्यूच्या गणितात ती घात करते. रो ऑपरेशनने मॅट्रिक्सच्या दिशा बदलतात. वरच्याच मॅट्रिक्समध्ये दुसऱ्या ओळीतून पहिलीचा अर्धा भाग वजा केलास तर दुसरी ओळ ०, २.५ होते आणि कर्णावर ४ व २.५ दिसतात. गुणाकार १० तोच राहिला, म्हणून फसायला होतं, पण बेरीज ७ ची ६.५ झाली. ५ आणि २ नाहीसे झाले. नियम असा ठेव : लॅम्डा मिळेपर्यंत मूळ मॅट्रिक्सला हात लावायचा नाही. लॅम्डा वजा करून झाला की मग ओळींवर हवी ती क्रिया कर, कारण तिथे आपण साधी समीकरणं सोडवत असतो.

तिसरं कारण तीन बाय तीनमध्ये येतं. दोन ओळी घेऊन क्रॅमरच्या रीतीने व्हेक्टर काढायची पद्धत तुला शिकवलेली असणार : क्ष खाली एक छोटा डिटर्मिनंट, य खाली दुसरा, वजा चिन्हासह, झेड खाली तिसरा. रीत चांगली आहे, पण निवडलेल्या दोन ओळी एकमेकींच्या पटीत असतील तर तिन्ही डिटर्मिनंट शून्य येतात. इथे तुझं काही चुकलेलं नसतं, ओळींची जोडी चुकीची निवडलेली असते. दुसरी जोडी घे. सगळ्याच जोड्यांनी शून्य दिलं तर ती मोलाची खूण आहे : तिन्ही समीकरणं मिळून खरं एकच समीकरण आहे, आणि या लॅम्डाला एकाऐवजी दोन स्वतंत्र दिशा मिळणार आहेत.

उदाहरण घेऊ.

२ १ १
१ २ १
१ १ २

तीन बाय तीनसाठी समीकरण असं मांडतात : लॅम्डाचा घन, वजा एस-वन गुणिले लॅम्डाचा वर्ग, अधिक एस-टू गुणिले लॅम्डा, वजा डिटर्मिनंट, बरोबर शून्य. चिन्हं एकाआड एक बदलतात. एस-वन म्हणजे कर्णावरच्या आकड्यांची बेरीज, ट्रेस. इथे ६. एस-टू म्हणजे कर्णावरच्या तीन आकड्यांच्या मायनरांची बेरीज. सर्वांत जास्त चुका इथेच होतात, कारण डिटर्मिनंट सोडवायच्या सवयीने पहिल्या ओळीचे मायनर घेतले जातात. कर्णावरच्या आकड्यावर बोट ठेव, त्याची ओळ आणि स्तंभ झाक, उरलेल्या चारांचा डिटर्मिनंट काढ. इथे ३, ३, ३, बेरीज ९. पूर्ण डिटर्मिनंट ४. समीकरणाचे सहगुणक झाले १, −६, ९, −४. यांची बेरीज शून्य आहे, म्हणून १ हे एक उत्तर नक्की. सिंथेटिक डिव्हिजनने भाग दे, राहतं लॅम्डाचा वर्ग वजा ५ लॅम्डा अधिक ४, म्हणजे १ आणि ४. तीन आयगेन व्हॅल्यू : ४, १, १. लगेच पडताळा घे : बेरीज ६, ट्रेसइतकी. गुणाकार ४, डिटर्मिनंटइतका. याला दहा सेकंद लागतात, आणि ते न देता व्हेक्टरकडे जाणं म्हणजे पाया न तपासता भिंत बांधणं.

४ साठी पहिल्या दोन ओळी −२, १, १ आणि १, −२, १. क्रॅमरने ३, ३, ३ येतात, म्हणजे (१, १, १). हे न सोडवताही दिसलं असतं : प्रत्येक ओळीची बेरीज ४ आहे, आणि जिथे सगळ्या ओळींची बेरीज सारखी तिथे (१, १, १) आयगेन व्हेक्टर असतोच. १ साठी मात्र वजाबाकीनंतर सगळीकडे १ च १ उरतात. कोणतीही जोडी घे, क्रॅमर शून्यच देतो. समीकरण एकच : क्ष + य + झेड = ०. तीन चलं, एक अट, म्हणून दोन मोकळी. य १ आणि झेड ० घेतलं तर (−१, १, ०), य ० आणि झेड १ घेतलं तर (−१, ०, १). झालं गणित.

इथेच तुझ्या पुस्तकाशी न जुळण्याचं उत्तर आहे. पुस्तकात (१, −१, ०) आणि (१, १, −२) दिलं असेल. तेही बरोबर आणि तुझंही. दोघांच्या घटकांची बेरीज शून्य आहे, दोन्ही जोड्या एकाच प्रतलात आहेत. एकट्या दिशेच्या बाबतीत तर (१, −२), (−१, २) आणि (३, −६) हे सगळे एकच उत्तर. पुस्तकाचं पान उलटून बघण्याऐवजी तुझा व्हेक्टर मूळ मॅट्रिक्सने गुण. तो लॅम्डापट आला तर उत्तर बरोबर, मग छापील काहीही असो. फक्त प्रश्नात ऑर्थोगोनल हा शब्द असेल तर सावध राहा. तिथे व्हेक्टर एकमेकांना काटकोनात हवेत आणि बहुधा त्यांची लांबी १ करून हवी असते. (−१, १, ०) आणि (−१, ०, १) यांचा डॉट प्रॉडक्ट १ येतो, काटकोनासाठी तो ० लागतो, म्हणून तिथे ही जोडी चालणार नाही, पुस्तकातली चालेल. कॉम्प्युटरच्या लॅबमध्ये पायथनच्या नमपायने उत्तर काढलंस तर ०.७०७ सारखे आकडे दिसतील. तो लांबी १ करून देतो, आणि व्हेक्टर उभ्या स्तंभांत देतो. आडव्या ओळी वाचल्या की उत्तर चुकलं असं वाटतं.

पुन्हा आलेली आयगेन व्हॅल्यू प्रत्येक वेळी दोन दिशा देईलच असं मात्र धरू नकोस. पहिली ओळ १, १ आणि दुसरी ०, १ अशी मॅट्रिक्स घे. व्हॅल्यू १, १. पण वजाबाकीनंतर उरतं फक्त य = ०, म्हणून (१, ०) ही एकच दिशा. अशी मॅट्रिक्स डायगोनलाइज होत नाही, आणि उत्तरात तसं स्पष्ट लिहायचं. कर्णाच्या दोन्ही बाजूंना सारखे आकडे असलेली, म्हणजे सिमेट्रिक, मॅट्रिक्स या बाबतीत कधीच दगा देत नाही. आकडे वास्तव असले की व्हॅल्यूही वास्तव असतात आणि दिशा पुरेशा मिळतात, त्याही काटकोनात. उलट ९० अंशांत फिरवणारी मॅट्रिक्स, ०, −१ आणि १, ०, घेतलीस तर लॅम्डाचा वर्ग −१ येतो. घाबरू नकोस. ती प्रत्येक बाण वळवते, मग न वळणारी दिशा आलेखावर सापडणार कुठून?

तू मेकॅनिकलची, म्हणून एक प्रयोग सांगते. खडूचा एक अख्खा तुकडा दोन्ही हातांत धर आणि वाकू न देता सावकाश पीळ. तो आडवा तुटत नाही. तुटलेला काठ अक्षाशी सुमारे ४५ अंशांत गुंडाळत गेलेला दिसतो. पिळल्यावर खडूच्या पृष्ठभागावर नुसता शिअर स्ट्रेस, म्हणजे कातरणारा जोर, असतो, त्याची मॅट्रिक्स ०, ट आणि ट, ०. तिच्या आयगेन व्हॅल्यू +ट आणि −ट, दिशा (१, १) आणि (१, −१). म्हणजे ४५ अंशांच्या एका दिशेत निव्वळ ताण आणि दुसऱ्या दिशेत निव्वळ दाब. खडू ताणाला कच्चा, म्हणून ताणाच्या दिशेला काटकोनात फाटतो. बिडाची सळई पिळली तरी असंच होतं. पुढे एसओएममध्ये, म्हणजे स्ट्रेंग्थ ऑफ मटेरियल्सच्या विषयात, प्रिन्सिपल स्ट्रेस आणि मोहरचं वर्तुळ येईल, तेव्हा ८०, ४० आणि ४०, २० ही मॅट्रिक्स आठव. ट्रेस १००, डिटर्मिनंट ०, म्हणून व्हॅल्यू १०० आणि ०, १०० ची दिशा (२, १). वर्तुळाचं केंद्र ५०, त्रिज्या ५०, दोन टोकं १०० आणि ०. नाव वेगळं, गणित तेच.

शहरातलं उदाहरण हवं तर हे घे, आकडे मानलेले आहेत. कोथरूडच्या एका सोसायटीतले ३०० जण पीएमपीने जातात. दर महिन्याला बसवाल्यांपैकी १० टक्के मेट्रोकडे वळतात आणि मेट्रोवाल्यांपैकी २० टक्के बसकडे परततात. मॅट्रिक्स ०.९, ०.२ आणि ०.१, ०.८. बसचे प्रवासी ३०० वरून २७०, मग २४९. आयगेन व्हॅल्यू १ आणि ०.७. एकची दिशा (२, १), म्हणून शेवटी २०० बसला, १०० मेट्रोला. आणि २०० पासूनचं अंतर १००, ७०, ४९ असं दर महिन्याला ०.७ पट होत जातं. एक व्हॅल्यू सांगते कुठे स्थिरावणार, दुसरी सांगते किती वेगाने.

केली–हॅमिल्टन प्रमेयाचं गणित हमखास गुणांचं आहे, ते सोडू नकोस. ते म्हणतं, लॅम्डाच्या समीकरणात लॅम्डाच्या जागी मॅट्रिक्सच ठेवली तरी ते खरं ठरतं. पहिल्या मॅट्रिक्ससाठी अ चा वर्ग वजा ७ अ अधिक १० आय बरोबर शून्य. आय म्हणजे कर्णावर १ आणि बाकी ० असलेली मॅट्रिक्स. अ चा वर्ग १८, ७ आणि १४, ११ येतो, पडताळून बघ. यातून इन्व्हर्स फुकटात मिळते : ७ आय वजा अ, भागिले १०. दोन चुका टाळ. शेवटच्या स्थिरांकापुढे आय लिहायला विसरायचं नाही, नाहीतर मॅट्रिक्समध्ये साधा आकडा मिळवल्यासारखं होतं. आणि ‘लॅम्डाच्या जागी अ घातला की डिटर्मिनंट शून्य होतो’ ही सिद्धता नव्हे, कारण तिथे लॅम्डा हा आकडा आहे. केलीने १८५८ मध्ये हे मांडलं तेव्हा लहान मॅट्रिक्ससाठीच पडताळलं होतं. सर्वसाधारण सिद्धता फ्रोबेनियसने १८७८ मध्ये दिली.

तीन आठवडे पुरेसे आहेत. पहिले चार दिवस फक्त दोन बाय दोन, रोज पाच, प्रत्येकाचे बाण आलेखावर. पूर्णांकी उत्तरांची गणितं स्वतः बनवता येतात : ट्रेस आणि डिटर्मिनंट आधी ठरव, मग आकडे बसव. पुढचे आठ-नऊ दिवस तीन बाय तीन, रोज दोनच, पण पूर्ण : समीकरण, ट्रेसचा पडताळा, तिन्ही व्हेक्टर, शेवटी प्रत्येक व्हेक्टर मूळ मॅट्रिक्सने गुणून. उरलेले दिवस जुन्या प्रश्नपत्रिका घड्याळ लावून. त्या अप्पा बळवंत चौकात मिळतील किंवा वरच्या वर्गातल्या कुणाकडे असतील. पेपरात समीकरणाची सर्वसाधारण मांडणी, एस-वन, एस-टू आणि डिटर्मिनंट वेगवेगळ्या ओळींवर लिही. पुढे आकडा चुकला तरी तपासणाऱ्याला तुझी रीत दिसते.

क्लासचं असं कर. चौथ्या दिवशी रात्री वही मिटून पहिली ओळ ३, १ आणि दुसरी ०, २ ही मॅट्रिक्स घे आणि खोलीतल्या मैत्रिणीला, समीकरण न मांडता, नुसते बाण काढून तिच्या दोन दिशा दाखव. स्तंभ वाचलास तर पहिली लगेच दिसेल, दुसरी शोधावी लागेल. तिला पटवता आलं तर क्लासचे पैसे राहू देत. नाही जमलं, तर क्लास लावण्याआधी कॉलेजच्या सरांकडे हीच वही घेऊन जा आणि नेमका कुठला बाण अडला ते दाखव.